खारीचं टाइमटेबल

गॅदरिंगला पन्नास रुपये वर्गणी दिली की प्रत्येक जण म्हणतो, "आमचाही खारीचा वाटा!" भाषणात, आभार प्रदर्शनात, निमंत्रण पत्रिकेत, सगळीकडे हा खारीचा वाटा असतोच. पण ज्या खारीचा हा वाटा, ती नेमकी कोण, काय खाते, पिलं कधी देते, असं विचारलं तर आपण सगळे व्हायवाला उभं असल्यासारखे गप्प. मी कॉन्व्हेंटमधली. त्यामुळे 'एस फॉर स्क्विरल' आधी शिकले आणि 'खारूताई' नंतर. पुस्तकातली ती स्क्विरल तांबडी, झुपकेदार शेपटीची, बर्फात बसलेली. आणि आमच्या इंदापूरच्या घरामागच्या चिंचेवरची? करडी, पट्टेवाली, मुठीएवढी. दोघी एकच हे मला कितीतरी दिवस खरं वाटत नव्हतं, आणि खरंच त्या एक नाहीत. जात वेगळी, देश वेगळा, आयुष्य वेगळं.

हा लेख लिहायचं कारण मात्र आपल्या हॉस्टेलमागची झाडं. त्यांची दर वर्षी छाटणी होते. ती कोणत्या महिन्यात होते, यावर खारीच्या एका अख्ख्या विणीचं जगणं-मरणं ठरतं. झाडं छाटू नका असं माझं म्हणणं मुळीच नाही. वायरला टेकलेली फांदी छाटलीच पाहिजे, आम्ही मेकॅनिकलवाले असलो तरी एवढं इलेक्ट्रिकल आम्हाला कळतं! म्हणणं फक्त तारखेबद्दल आहे. पण तारीख पटायची तर आधी खार समजायला हवी.

तर आधी नावापासून. हिचं शास्त्रीय नाव फुनाम्ब्युलस पेनंटी. पेनंट हे अठराव्या शतकातले एक ब्रिटिश निसर्ग-अभ्यासक, त्यांच्या सन्मानार्थ नावाचा दुसरा भाग. पहिला भाग जास्त गमतीचा आहे. लॅटिनमध्ये फुनाम्ब्युलस म्हणजे दोरीवरून चालणारा, म्हणजे आपल्याकडचा डोंबारी! मुलींच्या हॉस्टेलपासून मेसपर्यंत जी केबल गेली आहे तिच्यावरून खार पळताना ज्यांनी पाहिली, त्यांना हे नाव पाठ करायला लागणार नाही.

मराठीत आपण सरसकट 'खार' म्हणतो, पण भारतात पट्टेवाल्या खारींच्या अनेक जाती आहेत. त्यातल्या दोन आपल्या कामाच्या. तीन पट्ट्यांची आणि पाच पट्ट्यांची. तीन पट्ट्यांचीला लिनियसने १७६६ मध्येच नाव दिलं होतं. पाच पट्ट्यांची मात्र बराच काळ तिच्यातच मोजली जायची. १९०५ मध्ये रॉटन नावाच्या, मुंबई प्रांतात नोकरी केलेल्या वनअधिकाऱ्याने तिला स्वतंत्र जात म्हणून नाव दिलं. त्याचा नमुना होता सुरत जिल्ह्यातल्या मांडवी तालुक्यातला, म्हणजे तेव्हाच्या मुंबई प्रांतातलाच. बघा, इतका रोज दिसणारा प्राणी, पण त्याची नीट ओळख पटायला विसावं शतक उजाडलं.

ओळखायची कशी? पाठीवर मधोमध तीन पांढुरके पट्टे दोन्ही जातींना असतात. पाच पट्ट्यांच्या खारीला शिवाय दोन्ही कुशींवर, जरा खाली, एकेक आखूड आणि फिकट पट्टा असतो. वरून पाहिलं तर तीनच दिसतात आणि माणूस फसतो. ती खोडावर आडवी झाली की बाजूने मोजायचे. लांबी डोक्यापासून शेपटीच्या मुळापर्यंत साधारण तेरा-चौदा सेंटीमीटर, जवळपास तेवढीच शेपटी, आणि वजन शंभर ग्रॅमच्या आसपास. म्हणजे आपल्या कॅल्क्युलेटरएवढं! तीन पट्ट्यांची खार दक्षिणेची, जास्त पावसाची, झाडीची. पाच पट्ट्यांची कोरड्या प्रदेशाची आणि माणसाला चिकटून राहणारी. दख्खनच्या पठारावर दोघींच्या हद्दी एकमेकींत मिसळतात.

रामसेतूची गोष्ट सगळ्यांना माहीत आहे. वाळूत लोळून, सेतूवर जाऊन अंग झटकणारी खार आणि तिच्या पाठीवर प्रेमाने फिरलेली रामाची बोटं. माझ्या आजीला मी म्हटलं, "आजी, गोष्टीत तीन बोटं आहेत, पण आपल्याकडच्या खारीला पट्टे पाच." आजी वाती वळता वळता म्हणाली, "मग आपल्याकडच्या खारीनं जास्त काम केलं असंल." ह्यावर कोणताही शास्त्रज्ञ काही बोलू शकणार नाही.

आता आपल्या मुलखाकडे पाहू. बारामती तालुक्याचे सरळ दोन भाग पडतात, हे इथे राहणाऱ्याला सांगायला नको. नीरा डाव्या कालव्याखालचा बागायती पट्टा आणि सुपे-मोरगावकडचा जिरायती. सुप्याच्या मयूरेश्वर अभयारण्यात लोक चिंकारा बघायला जातात, कारण तो माळ आहे, गवताळ आहे. खार हा माळाचा प्राणी नव्हे. तिला झाड लागतं. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी कालवा आला, पाणी आलं, बांधावर आणि वस्तीभोवती वड, चिंच, बाभूळ, कडुनिंब, आंबा उभे राहिले. पावसाच्या हिशोबाने दुष्काळी असलेल्या ह्या भागात खारीला घर मिळालं ते माणसाने आणलेल्या पाण्यावर. इंदापूरकडेही तसंच, जिथे विहीर आणि वस्ती, तिथे चार झाडं आणि तिथे खार. आणि जिथे झाडं जातात तिथून ती जाते. पालखी मार्गाच्या रुंदीकरणात रस्त्याकडेची जुनी झाडं गेली, आता एस.टी.च्या खिडकीतून बारामती-इंदापूर प्रवासात सावली कमी आणि दुभाजक जास्त दिसतो.

मग कॉलेजचा कॅम्पस खारीसाठी काय आहे, हे लक्षात येईल. आजूबाजूला उसाचे फड नाहीतर प्लॉटिंग, आणि मध्ये आपली वीस-पंचवीस वर्षांची झाडं. बेटच म्हणा ना.

आता माझ्या आवडीचा भाग, मशीन म्हणून खार. ती झाडावर चढते यात विशेष नाही, मांजरही चढते. पण मांजराला उतरताना बघितलंय? मागे मागे सरकत, ओरडत, कसंबसं. खार मात्र डोकं खाली करून सरळ धावत उतरते. याचं रहस्य मागच्या पायाच्या घोट्यात आहे. घोट्याच्या हाडांमधले सांधे असे आहेत की मागचं पाऊल जवळजवळ पूर्ण उलटं फिरतं आणि नखं वरच्या दिशेने सालीत रुततात. म्हणजे ती उतरत असते तेव्हा खरं तर मागच्या नखांवर टांगलेली असते. मांजराचा घोटा तेवढा फिरत नाही, त्याची नखं उतरताना चुकीच्या दिशेने असतात. आम्हाला सेकंड इयरला 'डिग्रीज ऑफ फ्रीडम' शिकवताना फळ्यावर चार रेघा काढल्या होत्या. त्याऐवजी खिडकीबाहेर बोट दाखवलं असतं तरी चाललं असतं.

शेपटी म्हणजे डोंबाऱ्याच्या हातातला बांबू. शरीराएवढीच लांब असल्यामुळे तोल जायला लागला की शेपटी एकीकडे फिरवायची आणि शरीर दुसरीकडे वळवायचं. शिवाय शेपटी हे तिचं लाउडस्पीकरबरोबरचं झेंडा-निशाणही आहे. मांजर, शिक्रा किंवा धामण दिसली की चिर्र-चिर्र-चिर्र असा एकसुरी आवाज आणि प्रत्येक आवाजाबरोबर शेपटीचा झटका. सबमिशनच्या आदल्या दुपारी हा आवाज वीस मिनिटं चालतो तेव्हा डोकं उठतं हे मान्य आहे. पण खाली एकदा डोकावून बघा, बहुतेक वेळा मेसचा बोका बसलेला असतो.

आणि पडली तर? मी हिशोब करून बघितला. वजन ०.१ किलो. हातपाय पसरल्यावर हवेला आडवं येणारं क्षेत्रफळ साधारण १५० चौरस सेंटीमीटर धरलं, ड्रॅग कोएफिशंट १ आणि हवेची घनता १.२ धरली, तर टर्मिनल व्हेलॉसिटी येते सेकंदाला सुमारे १०.४ मीटर. याच्या वर तिचा वेग जाणारच नाही, मग ती दुसऱ्या मजल्यावरून पडो की पाण्याच्या टाकीवरून. जमिनीवर आदळताना गतिज ऊर्जा होते साडेपाच ज्यूलच्या आत. म्हणजे एक किलो साखरेची पुडी टेबलावर अर्ध्या मीटरवरून टाकावी, तेवढीच. साठ किलोच्या माणसाची टर्मिनल व्हेलॉसिटी सेकंदाला ५५ मीटर धरली तर हाच आकडा नव्वद हजार ज्यूलच्या वर जातो. आकार लहान झाला की वजन घनाच्या प्रमाणात कमी होतं आणि पृष्ठभाग फक्त वर्गाच्या. सगळा खेळ त्या घन आणि वर्गाचा. म्हणून मोठी खार फांदीवरून पडली तर अंग झटकून पळून जाते. (पिलांना हा हिशोब लागू करू नका. त्यांना हातपाय पसरताही येत नाहीत, आणि पडण्यापेक्षा थंडी त्यांना जास्त मारते. त्याबद्दल पुढे.)

उडी मारायची की नाही हे खार कसं ठरवते, यावर अमेरिकेत बर्कलेच्या विद्यापीठात फार छान प्रयोग झाला. तो २०२१ मध्ये 'सायन्स' या नियतकालिकात आला. त्यांनी कॅम्पसमधल्याच मोकळ्या खारींना (तिथली मोठी जात, फॉक्स स्क्विरल) शेंगदाण्याचं आमिष दाखवून कमी-जास्त लवचिक दांड्यांवरून उड्या मारायला लावल्या. दांडीच्या टोकापर्यंत गेलं तर उडी लहान होते, पण टोक लवतं आणि जोर मिळत नाही. बुंध्याकडे थांबलं तर आधार घट्ट, पण अंतर जास्त. म्हणजे चक्क ऑप्टिमायझेशनचा प्रॉब्लेम! निर्णय घेताना अंतरापेक्षा फांदीच्या लवचिकपणाला खारींनी सहापट जास्त महत्त्व दिलं, असं त्यांना दिसलं. नवीन दांडीचा अंदाज यायला चार-पाच उड्या पुरल्या. पहिल्या उडीत नेम चुकला तरी नखांनी लटकून त्या सावरल्या, खाली एकही पडली नाही. आणि हे सगळं कुठे झालं? कॉलेजच्या आवारात. खर्च म्हणाल तर दांड्या आणि शेंगदाणे. फायनल इयरच्या प्रोजेक्टसाठी पुण्याला खेटे घालणाऱ्यांनी याचा जरूर विचार करावा.

दातांबद्दल मात्र तक्रारीच जास्त. खार ही कृंतक प्राण्यांपैकी, म्हणजे उंदराच्या गणगोतातली. पुढचे चार दात आयुष्यभर वाढत राहतात. दाताच्या फक्त पुढच्या बाजूला इनॅमलचा कडक थर असतो, मागे मऊ डेंटिन. कुरतडताना मऊ भाग आधी झिजतो आणि पुढची धार आपोआप तिखट राहते. लेथवरचा टूल असा स्वतःच धार लावून घेणारा असता तर वर्कशॉपची निम्मी तासिका वाचली असती. इनॅमलचा कडकपणा मोहच्या मापावर सुमारे ५, तांब्याचा ३. त्यामुळे पी.व्ही.सी.चं आवरण काय, आतली तांब्याची तारसुद्धा तिला जड नाही. न्यूयॉर्कचा नॅस्डॅक हा शेअर बाजार १९८७ मध्ये आणि पुन्हा १९९४ मध्ये खारीमुळे वीज जाऊन बंद पडला होता. आपलं वाय-फाय त्यापुढे किस झाड की पत्ती! पण यावर उपाय आहे आणि तो आपल्या शाखेचा आहे. उघडी केबल जी.आय. पाइपातून नेणे. खारीला शिव्या देण्यापेक्षा ते स्वस्त पडतं.

शेतकऱ्याचा प्रश्न इतका सोपा नाही. आमचं घर इंदापूर तालुक्यात, चुलत्यांची डाळिंबाची बाग. मी खारीवर लेख लिहिते म्हटल्यावर आबा म्हणाले, "लिही बाई लिही. तू हितं खारीवर लिही, अन् तिकडं ती माझा भगवा खाती." राग खरा आहे. खार एक फळ धरून संपवत नाही. रंग आलेल्या फळाला भोक पाडते, चार दाणे खाते, पुढच्यावर जाते. भोक पडलेलं फळ मार्केटला नेता येत नाही, मागून माशा आणि बुरशी येतेच. उन्हाळ्यात तर ठिबकच्या लॅटरल कुरतडते. ती नळी मऊ प्लास्टिकची, आत पाणी, आणि बाहेर चाळीस अंश तापमान. तिने दुसरं काय करावं? आबांनी मागच्या उन्हाळ्यात बांधावरच्या कडुनिंबाखाली पाण्याची दोन परळं ठेवली. त्यानंतर नळ्या फोडणं बरंच कमी झालं असं ते सांगतात, जरा नाराजीनेच सांगतात. फळांना आता ते कापडाचं आवरण घालतात, पण त्याचा खर्च आणि मजुरी असतेच. हे सगळं ऐकून 'खारूताई किती गोड' असं लिहिणं मला जमणार नाही.

पण जमाखर्चाची दुसरी बाजूही आहे. खार नुसती फळं खात नाही. बिया, कोवळे कोंब, फुलं आणि किडेही खाते. आणि फुलातला मध पिताना तिचं तोंड परागकणांनी माखतं. दिल्लीच्या वनस्पती-शास्त्रज्ञांनी पळसाचा अभ्यास करून २००३ मध्ये लिहिलं की फुलांवर बरेच पक्षी येतात, पण परागीभवनाचं काम खऱ्या अर्थाने करणारे दोघंच, जांभळा शिंजीर आणि खार. पळसाची फुलं पाहून वसंत आला म्हणणाऱ्या कवींनी पुढच्या वर्षीच्या पळसाचं श्रेय थोडं तरी खारीला द्यायला हवं.

आणि खार नेहमीच बिचारी असते असंही नाही. हीच पाच पट्ट्यांची खार १८९८ मध्ये ऑस्ट्रेलियात पर्थच्या प्राणिसंग्रहालयातून बाहेर सोडली गेली. ती तिथे परकी. तरीही आसपासच्या बागांत टिकली आणि आज तिथे तिची गणना उपद्रवी प्राण्यांत होते. माणसाच्या शेजारी राहायची हिची हुशारी कुठेही चालते.

आता मूळ मुद्दा, टाइमटेबल.

खारीचे नर-मादी संसार करत नाहीत. मादी माजावर येते ती अगदी थोड्या काळासाठी. तेव्हा तीन-चार नर तिच्यामागे झाडाभोवती गोल गोल धावतात (हॉस्टेलमध्ये या दृश्यावर ज्या कॉमेंट्स होतात त्या इथे छापता येणार नाहीत). त्यानंतर नराचा संबंध संपला. घरटं मादी एकटी बांधते, पिलं एकटी वाढवते. गवत, काथ्या, सुतळी, कापूस, वाळत टाकलेल्या टॉवेलचे धागे, जे मिळेल ते तोंडात भरून नेते. आमच्या विंगमधल्या एकीच्या गादीतला कापूस महिनाभर कमी होत होता, तो कडुनिंबाच्या बेचक्यात सापडला. घरटं म्हणजे फुटबॉलपेक्षा लहान, गबाळा दिसणारा गोळा. खालून बघणाऱ्याला तो वाऱ्याने अडकलेला कचरा वाटतो, आणि इथेच घात होतो.

गर्भारपण साधारण सहा आठवड्यांचं. एका वेळी बहुधा दोन ते चार पिलं. जन्मतः गुलाबी, उघडी, आंधळी, बोटाच्या पेराएवढी. डोळे उघडायला तीनेक आठवडे जातात. त्यानंतरही सगळं मिळून दीड-दोन महिने ती आईवर अवलंबून असतात. म्हणजे एका विणीला गर्भधारणेपासून पिलं सुटी होईपर्यंत तीन-साडेतीन महिने लागतात. आपल्या सेमिस्टरएवढेच!

उत्तर भारतात ह्या जातीचा अभ्यास भरपूर झाला आहे. जोधपूरच्या 'काझरी' संस्थेत ईश्वर प्रकाश आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी, वाराणसीच्या बनारस हिंदू विद्यापीठात प्रा. चंदना हलदार आणि त्यांच्या गटाने. वाराणसीचं काम मला फार आवडलं. मेंदूत पिनिअल नावाची छोटी ग्रंथी असते, ती अंधारात मेलाटोनिन हे संप्रेरक बनवते. दिवस लहान आणि रात्र मोठी झाली की मेलाटोनिन वाढतं आणि नर खारीचं प्रजनन थांबतं, वृषण चक्क आकसून लहान होतात. दिवस मोठा व्हायला लागला की पिनिअल मंदावते आणि नर पुन्हा तयार होतो. म्हणजे शंभर ग्रॅमच्या प्राण्यात एक लाइट सेन्सर, एक टायमर आणि एक रिले बसवलेला आहे. त्यामुळे ऑक्टोबरपासून डिसेंबरपर्यंत सुट्टी, आणि वर्षाच्या सुरुवातीपासून पुन्हा हंगाम. तिकडे पिलांचे दोन मोठे मोसम दिसतात, एक फेब्रुवारी-मार्चपासून एप्रिलपर्यंत, दुसरा जुलै ते सप्टेंबर.

आपण वाराणसीच्या बरेच दक्षिणेला आहोत. तिथे सर्वांत लहान आणि सर्वांत मोठ्या दिवसात तीन तासांहून जास्त फरक पडतो. बारामतीला अकरा तास ते सव्वातेरा तास, म्हणजे फरक सव्वादोन तासांचाच. त्यामुळे तिथलं टाइमटेबल इथे जसंच्या तसं चिकटवणं बरोबर नाही, आणि म्हणूनच मी आणि माझी रूममेट गेल्या वर्षभर जर्नलच्या मागच्या पानावर नोंद ठेवत आलो. मोसम मात्र तेच दिसले. तोंडात कापूस-गवत घेऊन जाणाऱ्या माद्या आम्हाला जानेवारीच्या शेवटी आणि मग जूनमध्ये पाऊस पडल्यावर सारख्या दिसल्या. खोडावर घाबरत घाबरत उतरणारी छोटी पिलं एप्रिल-मेमध्ये आणि पुन्हा सप्टेंबरच्या शेवटी. दिवाळीनंतर मात्र घरटी पडीक, पाठलाग नाही, ओरडणंही कमी. फक्त उन्हात फांदीवर पोट टेकून पडून राहायचं, पी.एल.मधल्या विद्यार्थ्यांसारखं.

आता या पार्श्वभूमीवर छाटणीची तारीख बघा. मी फर्स्ट इयरला होते तेव्हा छाटणी झाली ऑगस्टमध्ये. कंत्राटदाराची माणसं आली, दोन तासांत फांद्या खाली. संध्याकाळी आम्ही लेक्चरहून आलो तर पाल्याच्या ढिगात तीन पिलं. डोळे न उघडलेली, पाठीवर पट्टे नुकते उमटलेले. मुली धावत मेसमध्ये गेल्या, कुणी गाईचं दूध आणलं, कुणी ड्रॉपर. वॉचमन मामांनी सगळ्यांना बाजूला केलं. "दूध पाजू नका, मरतील. खोकं आणा. झाडालाच बांधा, आई येईल." बुटाच्या खोक्यात जुना स्वेटर घातला, उरलेल्या बुंध्याला डोक्याइतक्या उंचीवर बांधलं, आणि मामांनी आम्हाला विंगमध्ये पिटाळलं. जिन्याच्या खिडकीतून आम्ही बघत होतो. अंधार पडायच्या आधी ती आली. खाली-वर, खाली-वर, शेपटीचे झटके देत. मग एकाला तोंडात धरून मेसच्या पत्र्यामागे घेऊन गेली. परत येऊन दुसऱ्याला नेलं. तिसऱ्यासाठीही आली, हुंगलं, आणि तशीच गेली. ते आधीच थंड पडलं होतं.

मामा कुठल्या शाळेत हे शिकले माहीत नाही, पण त्यांनी जे केलं तेच बरोबर आहे. खारीची आई पडलेलं पिलू तोंडात धरून दुसऱ्या जागी हलवते. तिला संधी दिली पाहिजे. पिलाला ऊब हवी, दूध नको. गाईचं दूध त्याला पचत नाही, आणि ड्रॉपरने पाजताना ते श्वासनलिकेत जातं. दिवस मावळेपर्यंत आई आलीच नाही तर वन विभागाच्या १९२६ या क्रमांकावर फोन करायचा. रूममध्ये पाळायचा विचार डोक्यातून काढून टाका.

आता हिशोब सोपा आहे. पहिल्या मोसमातली पिलं मेच्या मध्यापर्यंत बहुतेक सुटी झालेली असतात, आणि दुसऱ्या मोसमाची घरटी पावसानंतर भरतात. म्हणजे मेचा शेवटचा आठवडा ही एक फट. वादळी पावसाआधी वायरजवळच्या फांद्या काढायच्या असतात, त्या ह्या फटीत नेमक्या बसतात. दुसरी, जास्त मोठी आणि सुरक्षित फट म्हणजे दिवाळीपासून डिसेंबरअखेरपर्यंत. झाडांचा आकार नीट करायची मोठी छाटणी तेव्हा घ्यावी. ऑगस्ट आणि मार्च हे दोन महिने मात्र टाळावेत. ऑगस्टमध्ये फांदी खरोखरच धोकादायक झाली तर तेवढीच काढावी, आणि काढण्याआधी बेचक्यात गोळा आहे का हे बघावं. गोळा जुना आहे की राहता, हे ओळखायची आमची युक्ती अशी: पहाटे सहा ते सात समोर बसायचं. राहत्या घरट्यातून मादी उजाडताच बाहेर येते, आणि जाताना बहुतेक वेळा तोंडाने गवत आत ढकलून भोक बुजवते. पडीक घरट्याचं भोक उघडं असतं.

रेक्टर मॅडमना आम्ही हे कागदावर लिहून दिलं आहे आणि त्यांनी ते मेंटेनन्स विभागाकडे पाठवलं आहे. सध्या मुलींच्या हॉस्टेलमागे तीन राहती घरटी आहेत. एक कोपऱ्यातल्या कडुनिंबावर, पहिल्या बेचक्यात. दुसरं चिंचेवर, उत्तरेकडच्या फांदीवर, खालून दिसत नाही, जिन्यातून दिसतं. तिसरं सोलरच्या टाकीखालच्या फटीत, ते मात्र प्लंबरकाकांना दाखवून ठेवायला हवं. झाडांच्या बुंध्याला आम्ही पांढरी फीत बांधली आहे. मुलांच्या हॉस्टेलकडच्या रेन ट्रीवर किती घरटी आहेत ते आम्हाला तिकडे जाऊन बघता येत नाही. कुणी पहाटे उठणारा असलाच, तर त्याने तासभर बसून मोजावीत आणि आकडा ऑफिसशेजारच्या नोटीस बोर्डावर लावावा.